जीप दिसली की उघडणारा रस्ता

ती घटना आठवली की आजही नजर आधी तळहाताकडे जाते.

लिहिण्याची सवय नाही. बारावीनंतर पोलिसात शिपाई म्हणून लागलो, खात्याच्या परीक्षा देत अधिकारी झालो आणि निवृत्तीनंतर यंदा वर्ध्याच्या एका कॉलेजात बी.ए.ला नाव घातले. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढणारा मी पहिलाच. चुकले तर सांभाळून घ्यावे.

समुद्रपूर तालुक्यातल्या एका ठाण्याचा चार्ज घेऊन मला चारच दिवस झाले होते. नागपूरहून उच्च न्यायालयाची नोटीस आली. एका बाईंच्या शेताचा वहिवाटीचा रस्ता शेजाऱ्याने अडवला होता. पोलीस बंदोबस्तात तो खुला करून खुलाच ठेवावा, असा आदेश होता. ठाण्याने 'रस्ता खुला' असे कळवले होते. बाईंचे म्हणणे, तो बंदच आहे. आदेश न पाळल्याबद्दल अवमानाची कारवाई का करू नये, हे ठाणेदाराने, म्हणजे आता मी, आठ दिवसांत स्वतः येऊन सांगायचे होते. इकडे माझ्या नोकरीवर डाग, तिकडे बाईंचा वेचलेला कापूस शेतातच अडकलेला.

हवालदार जीप घेऊन दोनदा जाऊन आले. दोन्ही वेळा रस्ता मोकळा.

मी बाईंना बोलावले. त्या म्हणाल्या, "साहेब, तुमची जीप फाट्यावर वळली का कुंपण उठते. जीप गेली का बसते. एस.टी.नं येऊन पाहा ना एक डाव."

दुसऱ्या दिवशी जीप पुढे पाठवली. ती परतल्यावर साध्या कपड्यांत, हातात कापडी पिशवी घेऊन मी एस.टी.तून उतरलो. ओंडक्यांवर बांधलेले बाभळीच्या काट्यांचे कुंपण शेजारी एकटाच रस्त्यावर ओढत होता.

"काय पाहून राह्यले भाऊ? हात लावा जरा. पोलीसवाले गेले, आता दिवसभर येत नाई."

मी हात लावला. न्यायालयाचा आदेश आम्ही दोघांनी मिळून मोडला. त्याने वर मला पाणीही पाजले.

संध्याकाळी त्याला ठाण्यात बोलावले. वर्दीत त्याने मला ओळखले नाही.

"रस्ता चोवीस तास खुला हाय साहेब. देवाशपथ."

मी टोपी काढली आणि तळहात टेबलावर ठेवला. "मग हे काटे कोणाचे?"

त्याने आधी काटे पाहिले, मग माझा चेहरा. "तुमीच होते काय? अन् म्या तुमाले चहाबी नाई पाजला."

हवालदार तोंड फिरवून हसत होते. मग तो खरे बोलला. मोकळ्या रस्त्याने नीलगायी त्याच्या कपाशीत शिरत होत्या. मी विचारले, "मग कुंपण रस्त्यावर आडवे कशाला? तुझ्या शेताच्या कडेने लाव." हे त्याला सुचले नव्हते की सुचू द्यायचे नव्हते, कोण जाणे. सकाळी आम्ही पंचांसमोर तेच कुंपण कडेला लावले. बाईंची कापसाने भरलेली बैलबंडी बाहेर पडली. बंडीवरून त्या म्हणाल्या, "आता खुशाल जीपनं या साहेब. रस्ता पळत नाई."

प्रतिज्ञापत्रात मी सगळे लिहायला घेतले.

"साहेब, तुमी हात लावल्याचं काऊन लिहिता?" हवालदारांनी विचारले.

"लावला म्हणून."

नागपुरात न्यायमूर्तींनी ते वाचले, चष्म्यावरून माझ्याकडे पाहिले. "काटे निघाले का?" सगळे कोर्ट हसले. माझी माफी स्वीकारली गेली, नोटीस मागे घेतली गेली.

आमच्या आधीच्या अहवालात एकही शब्द खोटा नव्हता. जीप जायची तेव्हा रस्ता खुलाच असायचा. पण न्यायालयाने तो बाईंच्या बंडीसाठी खुला करायला सांगितला होता, आणि बंडीत बसून तो कोणी पाहिलाच नव्हता.