रविवारी जन्मलेल्याचं नाव

माझी सून स्पेनची. पोरगा जळगावला ठिबकच्या कामाला होता, तिथून त्यांच्या एका बेटावर गेला. तिथंही केळीच लावतात म्हणे. केळीसाठी गेला आणि तिथलीच बायको करून बसला. मला राग आला होता, लपवून काय करू. माझ्या बायकोला नाही आला. सून फोनवर आली की ही आपल्या भाषेत विचारायची, जेवलीस का. ती तिच्या भाषेत काहीतरी बोलायची. दोघींचं भागायचं.

त्यांना मुलगा झाला तोवर बायकोचं दुखणं हाताबाहेर गेलं होतं. धुळ्याच्या डॉक्टरनं सांगून टाकलं होतं, आता घरीच ठेवा. ओसरीत खाट टाकली होती, चार नातेवाईक कायम बसलेले. तेव्हा पोराचा फोन आला, नाव ठेवलं दोमिंगो. सुनेच्या आजोबाचं. बसलेल्यांची करमणूक झाली. माझी वहिनी म्हणाली, "हाक मारता मारता पोरगं शाळेत पोचंन." मीही हसलो.

बायको हसली नाही. तिनं पोराला अर्थ विचारला. तो सांगू लागला, फार जुनं नाव आहे, त्यांच्या जुन्या भाषेत देवाला धनी म्हणायचे, त्या धन्याचा तो दोमिंगो. रविवार त्यांच्या देवाचा वार, म्हणून रविवारालाही दोमिंगोच म्हणतात. आधी रविवारी जन्मलेल्या पोराला हे नाव द्यायचे. आता नवी माणसं ठेवत नाहीत, म्हाताऱ्यांचं नाव झालंय. मला नवल वाटलं नाही. आमच्या वर सातपुड्याच्या पाड्यांवर हेच होतं. सोमवारचा सोम्या, मंगळवारचा मंगळ्या, रविवारचा दित्या. त्यांचीही नातवंडं आता टीव्हीतली नावं घेऊन फिरतात.

फोन ठेवल्यावर, माणसं उठून गेल्यावर, ती म्हणाली, "तो बी इतवारनाच व्हता."

मला कळलं ती कोणाबद्दल बोलते. आमचा पहिला मुलगा. रविवारी झाला, ज्वारी खळ्यात पडली होती तेव्हा. पाचवी पुजली आणि बारशाच्या आत गेला. मी आणि भावानं त्याला नाल्याच्या काठी मीठ घालून पुरलं. भाऊही आता नाही. माझी आई म्हणाली, ज्याचं नाव नाही ठेवलं त्याच्यासाठी रडू नये. पाळणा उचलून माळ्यावर टाकला. मग घरात कोणी त्याचा विषय काढला नाही. काढणार तरी काय म्हणून? माणसाबद्दल बोलायला आधी नाव लागतं. पुढं बऱ्याच वर्षांनी हा मुलगा झाला, त्यालाही आम्ही सांगितलं नाही.

ती पुढं म्हणाली, "आते त्यानं नाव हाईच शे."

मी म्हणालो, बरं, त्याचं नाव दोमिंगो.

शेवटी शेवटी तिला माणसं ओळखू येईनात. पाणी घशाखाली जाईना. पण ते परदेशी नाव तिच्या तोंडात असं बसलं होतं, जसं माहेरचं. दोमिंगो, ये रे. दोमिंगो, ऊन लागंन. बाया डोळ्यांना पदर लावायच्या. म्हणायच्या, नातवाची ओढ बघा, तोंडही पाहिलं नाही प्रत्यक्ष. मी खाटेच्या पायाशी बसून ऐकायचो. नातवाला ती ऊन लागेल असं कशाला म्हणेल. नाल्याकाठी ज्या जागी आम्ही त्याला ठेवलं, तिथं सावली नव्हती.

पोरगा तिसऱ्या दिवशी पोचला. राख सावडून झाली होती. आईला अग्नी देता आला नाही, म्हणून तो भिंतीला डोकं टेकून रडला. वहिनीनं त्याच्या पाठीवर हात फिरवत सांगितलं, तुझ्या लेकराचं नाव घेत गेली रे तुझी माय. त्या एका गोष्टीवर तो जेवायला उठला.

जायच्या आदल्या संध्याकाळी माझ्याजवळ येऊन बसला. म्हणाला, "आबा, खरं सांगा, माय त्याचंच नाव घेत होती ना?"

मी कोणाची भीड ठेवणारा माणूस नाही. गावात सगळ्यांना माहीत आहे, तोंडावर बोलतो म्हणून. सांगायला तोंड उघडलंही. त्याला एक भाऊ होता, हे त्याला कळायला हवं असंही वाटलं. पण तो माझ्याकडे असा बघत होता की मला त्याच्या हातातलं ते एवढंसं काढून घेवेना.

"हो," मी म्हणालो. "त्याचंच."

तो गेला. फोनवर नातू दिसतो, गोरा आहे, कपाळ तिचं आहे. सून त्याला आवाज देते, दोमिंगो, आणि तो हसतो. मीही हाक मारतो आता, मारावीच लागते. पण तिनं आयुष्यभर वाट बघून पहिल्या पोराला एक नाव दिलं होतं, ते मी त्याच्याकडून घेऊन टाकलं. आता त्याला पुन्हा काही नाव नाही. आणि तो होता, हे आठवणारा मी एकटा उरलोय.