समोरच्या विंगमधली मुलगी

काल दुपारी बाल्कनीत कपडे वाळत घालताना समोरच्या विंगमधली मुलगी खाली दिसली. असेल दहावीत. गेटबाहेर तिच्याहून बराच मोठा मुलगा बाइक सुरू ठेवून थांबला होता. बसण्याआधी तिने सगळ्या खिडक्यांवरून नजर फिरवली.

कुणी बघेल म्हणून घाबरली असेल, असं मला आधी वाटलं. मग माझं पंधरावं वर्ष आठवलं. आम्ही बदलापूरला नवीन होतो. आईबाबा दिवसभर नोकरीवर, शाळेत मैत्रीण नाही. शेजारच्या अर्धवट इमारतीत कॉलेजची मुलं बसायची. मी गेले की सरकून जागा करून द्यायची, म्हणून त्यांच्या सांगण्यावरून मी सहाव्या मजल्याच्या उघड्या कडेवरून चालून दाखवायचे. चालताना समोरच्या घरांकडे बघायचे. कुणीतरी ओरडावं, रागवावं, असं फार वाटायचं. एकदा घसरून आतल्या बाजूला पडले, हात मोडला. घरी सांगितलं, जिन्यात पडले. ते सगळ्यांना लगेच पटलं.

"अगं ए, थांब!" मी वरून ओरडले. तीन वर्षं समोर राहणारी शेजारीण, पण तिचं नाव मला ठाऊक नव्हतं.

बाइक निघाली. वळण येईपर्यंत ती मागे वळून माझ्याकडेच बघत होती.