हसनाबादच्या गोठ्यातला नॉर्वे

"एवढी वर्षं बँड चालवला, मिळालं काय?" असं बायको विचारते, ऑफिसातले विचारतात, परवा तर दाढी करणाऱ्यानंही विचारलं. काय सांगणार? किस्से मिळाले. लोकांच्या बँडचे अल्बम निघतात, आमचे किस्से निघाले. नको म्हटलं तरी साठत जातात. टाकून द्यावेत, तर बँडमधल्या बाकीच्या तिघांपैकी कुणीतरी भेटतो आणि चहा येईपर्यंत तेच पुन्हा उकरून काढतो.

बँडचं नाव 'अवस'. म्हणजे अमावस्या. आम्ही ब्लॅक मेटल वाजवायचो. ठाऊक नसेल तर थोडक्यात सांगतो. गिटार करवतीसारखी चालते, ड्रम सुसाट सुटतो आणि गायक गात नाही, घसा फाटेस्तोवर किंचाळतो. हे सगळं नॉर्वेचं. तिकडं बर्फ, अंधार आणि देवाशी भांडण. आणि आम्ही जालना जिल्ह्यातले!

गिटारवर मी. पोटासाठी जालन्यात बियाण्याच्या एका कंपनीत नोकरी. ड्रमवर गजू, बेसवर मकरंद, जो पुढे बँकेत साहेब झाला. आणि किंचाळायला हसनाबादचा शेतकरी भगवान. देवाशी भांडणाऱ्या बँडचा गायक भगवान! हा विनोद इतक्या जणांनी ऐकवलाय की आता हसूसुद्धा येत नाही.

या भगवानची एकच इच्छा होती. आमचं एक गाणं कुणीतरी सुरुवातीपासून शेवटपर्यंत ऐकावं. गाणं चांगलं आठ-नऊ मिनिटांचं, कारण नॉर्वेवाल्यांचीही तेवढीच लांब असतात. "टाळ्या नको यार," तो म्हणायचा, "एक मानूस बस. पन त्यानं मधात उठू न्हाई."

एक माणूस! ऐकायला किती सोपं वाटतं.

*

सुरुवात झाली ती एका सीडीवरनं. आम्ही कॉलेजात होतो. मकरंदच्या पुण्यातल्या मावसभावानं त्याला नॉर्वेच्या एका बँडचा पहिला अल्बम पाठवला. लावला तर नुसती खरखर! पत्र्याच्या शेडमध्ये पिठाची गिरणी चालू आहे आणि आत कुणीतरी कोंडलंय, असा आवाज.

सीडी खराब निघाली म्हणून मकरंदनं ती रुमालानं पुसली, मग टूथपेस्ट लावून घासली. तरी तेच. शेवटी एसटीच्या पार्सलनं परत पाठवली आणि बदलून मागितली. दुसरी आली. तिच्यातही तीच खरखर.

मावसभाऊ फोनवर ओरडला, "अरे गाढवांनो, त्यांचा आवाजच तसा आहे! मुद्दाम केलाय!"

भगवाननं सीडी पुन्हा लावून ऐकली. मग म्हणाला, "मुद्दाम खराब वाजवून राह्यले? मंग हे आपल्याला जमतंय की!"

असा आमचा बँड निघाला.

*

प्रॅक्टिस हसनाबादला, भगवानच्या शेतातल्या गोठ्यात. बैल बाहेर बांधायचे आणि आम्ही आत. बैलांनी कधी तक्रार केली नाही. तक्रार भगवानच्या वडिलांची, आबांची. उंचपुरा, कमी बोलणारा माणूस. गाणं सुरू झालं की तीनेक मिनिटं दम धरायचे, मग उठून शांतपणे फ्यूज काढून खिशात टाकायचे. दर वेळी. बिलकुल न चुकता.

भगवान चिडायचा, "आबा, शेवट राह्यला ना!"

"शेवट?" आबा म्हणायचे. "शिमग्याला लोक एक दिवस बोंबलतेत. तुमचा शिमगा बारा महिने चालून राह्यला. शेवट कुठं हाय त्याला?"

आणि फ्यूज खिशात घालून मोसंबीला पाणी द्यायला निघून जायचे. आमचं रेकॉर्डिंगही आम्ही आबा पाहुण्यांकडे लग्नाला गेले त्या दिवशी उरकलं. ते आमचं एकमेव पूर्ण गाणं.

*

नॉर्वेवाले तोंडाला पांढरं फासतात आणि डोळ्यांभोवती काळं. आम्हालाही फोटो काढायचा होता. मेकअप कुठला? पोळ्याला बैलांच्या शिंगांना लावून उरलेला ऑइलपेंट गोठ्यात होता. तोच फासला. फोटो झकास आला.

मग रॉकेल घेऊन बसलो. पांढरं निघालं. काळं निघेना! आम्हा तिघांचं ठीक होतं, पण गजूला दुसऱ्या दिवशी पिंपळगाव रेणुकाईला मुलगी पाहायला जायचं होतं. गेला बिचारा तसाच. डोळ्यांभोवती काळी वर्तुळं, रॉकेलनं चोळून लाल झालेले गाल. मुलीच्या मामांनी विचारलं, "पाव्हनं आजारी व्हते का?" गजूची आई म्हणाली, "अभ्यास लई करतो."

आणि मुलगी हो म्हणाली! कसं काय, ते आम्हाला कित्येक वर्षं कळलं नाही. मध्यंतरी सुनीतावहिनींनीच सांगितलं. "मला वाटलं, हे रडून आल्ते. म्हनलं, एवढ्या हळव्या मनाचा नवरा कुठं भेटंल?"

मग गजूकडे बघून म्हणाल्या, "अजून शोधून राह्यले तो हळवेपना."

*

पहिला जाहीर कार्यक्रम तालुक्याच्या एका कॉलेजात, गॅदरिंगला. आमच्या आधी लावणी, आमच्यानंतर बक्षीसवाटप. भगवाननं माइक दोन्ही हातांनी घट्ट धरला, डोळे मिटले आणि पहिली किंकाळी फोडली. अंग थरथरतंय, मान मागं गेलीये. नॉर्वेवाल्यांनी पाहिलं असतं तर जवळ घेतलं असतं.

पुढच्या रांगेतून एक गृहस्थ उठले आणि ओरडले, "पोराला करंट लागला! मेन बंद करा जल्दी!"

क्षणात लाइट गेली. त्या गृहस्थांनी मंडपाचा एक बांबू उपसला आणि भगवानच्या हातावर हाणला. लाकडानं मारायचं, हात लावायचा नाही, एवढं त्यांना बरोबर ठाऊक होतं. माइक एकीकडे, भगवान दुसरीकडे. सगळा मंडप उभा राहून टाळ्या वाजवायला लागला!

बक्षीसवाटपात त्या गृहस्थांचा शाल-नारळ देऊन सत्कार झाला. भगवानला प्रमुख पाहुण्यांच्या हस्ते इलेक्ट्रॉल पाजलं.

*

पुढं नॉर्वेवाले बदलले. पहिल्या अल्बममध्ये खरखर होती, दुसऱ्यात ती वेगानं होती, आणि तिसऱ्यात त्यांनी चक्क कीबोर्ड घेतला. मकरंद आमच्यातला इतिहासकार. त्यानं समजावलं, "माणूस वाढतो तसा आवाज वाढतो." आणि स्वतःही कीबोर्ड घेऊन आला. भगवान त्याच्याशी अख्खा उन्हाळा बोलला नाही. ते तिकडं बदलले म्हणून यांचं इकडं भांडण! मधल्यामध्ये मी आणि गजू निरोप पोचवत होतो.

पण कीबोर्डमुळे एक झालं. धावडा गावच्या एकानं तो ऐकला आणि आम्हाला भावाच्या वरातीला बोलावलं. अमावास्येच्या नावाचा बँड वरातीला बोलावणारा माणूस म्हणजे धीराचाच. भगवान लगेच विरघळला. केवढी माणसं असणार, एक तरी ऐकेलच.

ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत उभे राहिलो आणि मन लावून वाजवलं. कुणी हसलं नाही, कुणी पळालं नाही, घोडीसुद्धा शांत. लोक तोंडाकडे बघत उभे. भगवानच्या डोळ्यांत पाणी यायचं बाकी होतं. सहाव्या मिनिटाला नवरदेवाचे काका ट्रॉलीजवळ आले आणि मोठ्या आदरानं म्हणाले,

"दादा, मशिनी तपासून झाल्या का? मंग आता गाणं सुरू करा."

*

मधली काही वर्षं नुसती गेली. मकरंदच्या बदल्या झाल्या, गजूची कंबर धरली, माझी पोरं शाळेत गेली. प्रॅक्टिस म्हणजे वर्षातून एकदा भेटायचं आणि तब्येतीवर बोलायचं. खरं सांगतो, मी कंटाळलो होतो. गिटार काढायची म्हटलं की आधी गादी-उशा हलवायला लागायच्या, आणि तेवढ्यातच दमायला व्हायचं. भगवान मात्र फोन करायचा. "कवा बसायचं?"

एकदा मकरंदनं नॉर्वेवाल्यांना ई-मेल केला. आम्ही कोण, कुठले, तुमच्यामुळं कसे बिघडलो, सगळं लिहिलं. आणि उत्तर आलं! त्यांच्या ड्रमरचं. मकरंदनं ते मराठी करून वाचून दाखवलं. "तुमचं वाचून बरं वाटलं. माझीही कंबर दुखते. आमची जुनी गाणी लावली की माझी बायको खोलीचं दार लावून घेते."

गजू म्हणाला, "म्हंजे तिकडं पन तेच!" त्या दिवशी तो कित्येक महिन्यांनी मनापासून हसला.

*

हसनाबादकडे मक्यात रानडुकरं फार. एका फेऱ्यात वावर उलथून टाकतात. म्हणून लोक बांधावर भोंगा लावतात. त्यात मेमरी कार्ड घालायचं, कार्डात कुत्र्यांच्या भुंकण्याचा आवाज. आबांनीही लावला. आठवडाभरात डुकरं त्या भुंकण्याला सरावली. कुत्रं दिसत नाही, नुसतं भुंकतंय, हे त्यांच्याही लक्षात आलं असावं.

मग आबांनी काय करावं? गावातल्या मोबाइलवाल्याकडे गेले आणि म्हणाले, "आमच्या भगवानचं ते बोंबलनं हाय ना, ते भर याच्यात."

डुकरं गेली! आजूबाजूचे शेतकरी कार्ड भरून न्यायला लागले. शिवारात संध्याकाळी चार बांधांवरून भगवान एकदम किंचाळायचा. आमचा पहिला खरा खप तो! आम्ही हुरळलो. आणि नेमकं तेव्हाच नॉर्वेवाल्यांनी बासरी, संथ चाल आणि साधं गाणं असलेला अल्बम काढला. मकरंद म्हणाला, आपणही वाढूया. या वेळी भगवाननंही मान डोलावली. आम्ही फोनवर एक संथ तुकडा रेकॉर्ड केला आणि मोठ्या अपेक्षेनं कार्डात भरून दिला.

चार दिवसांनी आबांचा निरोप. "जुनं बराबर होतं. नव्याला डुकरं थांबून राह्यलीत."

मकरंदनं इंटरनेट उघडून दाखवलं. नॉर्वेवाल्यांचे चाहतेही तिकडं हेच लिहीत होते, फक्त डुकरांचा उल्लेख नव्हता. पुढच्या वर्षी नॉर्वेवाले जुन्या आवाजाकडे परतले. आम्ही आधीच परतलो होतो.

*

मग भगवानचा घसा बसला तो उठेना. मी त्याला जालन्यात घशाच्या डॉक्टरांकडे नेलं. त्यांनी आत नळी घालून पाहिलं आणि विचारलं, "काय करता?"

"शेती."

"मग एवढं ओरडता कुणावर? मजूर ऐकत नाहीत का?"

भगवान माझ्याकडे बघून म्हणाला, "सर, आमचं कुनीच ऐकत न्हाई."

ऑपरेशन झालं. गाठ साधी निघाली, जीवाचं भय नव्हतं. पण डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं, यापुढे ओरडायचं नाही, कधीच नाही. भगवानचा आवाज आता कुजबुजीएवढा राहिलाय. फोनवर तर काहीच कळत नाही, त्यामुळं त्यानं फोन करणंही सोडलं. 'कवा बसायचं' हा प्रश्न बंद झाला. इतकी वर्षं त्या प्रश्नाला मी वैतागलो होतो, आणि तो थांबल्यावर मला फार वाईट वाटलं. एक माणूस हवा होता त्याला. आम्हाला एक माणूस मिळाला नाही.

*

परवा रविवारी त्याला भेटायला हसनाबादला गेलो. भर दुपार. घरी त्याच्या बायकोनं सांगितलं, ते तालुक्याला गेलेत, येतीलच, आबा वावरात आहेत. गाडी लावून चालत निघालो, तर लांबूनच गाणं ऐकू आलं. आमचं. गजूचा ड्रम, माझी गिटार, आणि वर भगवान, पूर्वीच्या घशानं.

मका कधीच काढून झाली होती. वावर मोकळं, नुसती धसकटं. बांधावरच्या भोंग्याखाली आबा मांडी घालून बसले होते. टोपी काढून मांडीवर ठेवलेली. एवढ्या वर्षांत त्यांना असं बसलेलं मी पाहिलं नव्हतं.

मी जवळ गेलो. म्हटलं, "आबा, मका तर निघाली. आणि दिवसा कुठं येतात डुकरं?"

आबांनी माझ्याकडे न बघता हात वर केला.

"बस खाली," ते म्हणाले. "मधात बोलू नगं. संपू दे त्याचं."