चेनवालीचे बाबा

आमच्या गल्लीत तिला सगळे चेनवाली म्हणतात. बॅगेची चेन अडकली, रनर घसरला, की लोक तिच्याकडे येतात. ती चेनच्या दातांवर मेणबत्ती घासते, रनरला पकडीने हलकेच चिमटा काढते आणि "आता कोंबून भरू नका हं," म्हणून गिऱ्हाइकालाच दटावते. दुकान तिच्या बाबांचं. मागच्या खोलीत दोघं राहायची. मी शेजारची, बटणं आणि लेस विकणारी. मधली भिंत पातळ आणि माझे कान तिखट, त्यामुळे त्यांचं बरंचसं आयुष्य मला फुकटात ऐकायला मिळालं.

बाबा तिचे जन्मदाते नव्हेत. जन्मदात्याने दुसरा संसार थाटला आणि तान्ही पोर या एकट्या मित्राच्या पदरात टाकली. यांनी चार माणसांसमोर तिला दत्तक घेतलं. कागद मात्र केला नाही.

पुढे जन्मदाता वारला. "ती दत्तक गेली, तिचा इथे काय संबंध?" म्हणून त्याच्या दुसऱ्या मुलांनी हात झटकले. बाबांचं डोकं फिरलं. पोरीचा हक्क सोडायचा नाही म्हणून त्यांनी कोर्टात शपथेवर सांगितलं, "मी हिला दत्तक घेतलेलं नाही, नुसतं सांभाळलं." तिलाही तेच बोलायला लावलं. कोर्टाने ते मानलं आणि तिला हिस्सा मिळाला.

"हात दाखवून अवलक्षण कशाला?" असं मी तेव्हाच म्हटलं होतं.

"अहो, कोर्टात बोलल्याने मुलगी परकी होते का?" म्हणून ते हसले.

बाबा गेले, आणि आयत्या बिळावर नागोबा यावा तसा त्यांचा पुतण्या उगवला. आजारपणात हा कधी फिरकला नव्हता. आता जुना निकाल नाचवत म्हणाला, "दत्तक नाही, म्हणजे वारस मी एकटा. दुकान आणि खोली रिकामी कर."

तिच्या वकीलबाईंनी आडपडदा ठेवला नाही. "तो खटला पुतण्याशी नव्हता, त्यामुळे तो निकाल इथे जसाच्या तसा लागू होत नाही. पण शपथ तुमचीच, आणि त्याच शपथेवर हिस्साही तुम्हीच घेतलात. ते कोर्ट कसं विसरेल? एकच वाट आहे. तेव्हा आम्ही खोटं बोललो, असं सांगा."

"म्हणजे बाबांना खोटारडं ठरवू?"

"हो."

ती माझ्याकडे येऊन लेसची गुंडाळी उलगडत आणि पुन्हा गुंडाळत बसायची. मला त्या मेलेल्या माणसाचा भयंकर राग आला. एवढी माया, पण पुढचा विचार म्हणून नाही! आणि राग आला म्हणून माझीच मला लाज वाटली.

साक्षीच्या दिवशी मी सोबत गेले. पिंजऱ्यात उभी राहून ती म्हणाली, "खोटं बोललो. बाबाही आणि मीही. त्यांनी मला दत्तक घेतलं होतं."

न्यायाधीश चिडले नाहीत. शांतपणे म्हणाले, "तेव्हाही तुम्ही शपथेवर होतात, आजही आहात. मग कोर्टाने कुठलं खरं धरायचं?"

"आजचं," ती म्हणाली. "तेव्हा इथे नाही म्हटलं, तरी घरी जाऊन त्यांना बाबा म्हणता येत होतं."

माझ्या डोळ्यांना धार लागली. न्यायाधीशांनी तिचं बोलणं शब्द न् शब्द लिहून घ्यायला सांगितलं. निकालात ते आहे. त्याच्याच खाली, पहिल्या शपथेवर हिस्सा घेतला म्हणून दुकान आणि खोली पुतण्याची, असंही आहे.