घोड्याच्या घरातलं प्यादं

आमच्या ह्यांच्या बुद्धिबळातल्या कारकिर्दीबद्दल अलिबागेपासून रोह्यापर्यंत बरंच बोललं जायचं. त्यातलं निम्मं ह्यांनी स्वतः सांगितलेलं असायचं आणि उरलेलं निम्मं ह्यांच्याकडून ऐकलेल्यांनी. मी ती कारकीर्द माजघराच्या दारातून पाहिली आहे, त्यामुळे माझा तपशील थोडा वेगळा आहे.

हे समुद्रकाठच्या आमच्या गावात शाळामास्तर होते. मिठाच्या सत्याग्रहाच्या आगेमागची ही वर्षं. सगळा मुलूख मिठासाठी पेटला होता तेव्हा आमच्या ओटीवर हत्ती-घोडे पडत होते. पालीला माघी उत्सवात ह्यांनी पहिला नंबर पटकावला. खेळायला चौघे होते. त्यातल्या एकाला ताप भरला होता, आणि दुसरा प्रसादाच्या पंगतीला गेला तो परत आलाच नाही. माणगावला एका नामांकित खेळाडूवर मात केली ती अशी, की त्याची बैलगाडी निघायची वेळ झाली आणि तो डाव तसाच टाकून उठला. त्यानंतरही हे बराच वेळ पटाकडे बघत विचार करत होते म्हणे. दोन्हीकडे नारळ आणि उपरणं मिळालं. नारळ आम्ही खाल्ले, उपरणी अजून ट्रंकेत आहेत.

माझं काम पट मांडायचं आणि डाव संपला की पटावरची मोहरी डब्यात भरायची. मोहरी चालतात कशी हे मला लग्नाच्या दुसऱ्याच वर्षी कळलं होतं. एकदा न राहवून मी दारातून म्हटलं, "अहो, उंट जातोय." हे पाहुण्यांकडे बघून हसले आणि म्हणाले, "बायकांनी सारीपाट खेळावा." पुढच्या दोन चालींत उंट गेला. मला मात्र त्या दिवशी जो राग आला तो गेला नाही. ह्यांच्यासमोर पाटावर बसून एक डाव खेळायचा, एवढंच मी मनाशी धरलं.

पुढे मुंबईच्या एका स्पर्धेचं बोलावणं आलं. तिथे खेळ विलायती नियमांनी. आमच्याकडे खेळायचे देशी. देशीत प्यादं एकेकच घर चालतं, राजाला एकदाच घोड्यासारखी उडी मिळते, आणि प्यादं पलीकडच्या टोकाला पोचलं की ज्या घरात पोचेल त्या घराचं मोहरं होतं. हत्तीच्या घरात हत्ती, घोड्याच्या घरात घोडा. ज्या घरात जाशील तशी हो, हा नियम मला कुणी समजावून सांगावा लागला नाही. तो मला मांडवातच सांगितला होता. विलायतीत मात्र प्यादं कुठल्याही घरात पोचो, काय व्हायचं ते निवडायची सोय होती. अर्थात सगळे वजीरच घ्यायचे.

नियमांचं एक छोटं पुस्तक मिळालं. ते ह्यांच्याकडून पाठ करून घ्यायचं काम माझ्याकडे आलं, कारण माझं शिक्षण चौथीपर्यंत झालेलं होतं आणि मी दुपारची रिकामीच असते असा ह्यांचा समज होता. मी सुपारी कातरता कातरता विचारायची, "प्यादं पोचलं, काय घ्याल?" हे म्हणायचे, "कुठल्या घरात?" रोज हेच. शेवटी मी म्हटलं, "घर बघायचं नाही. वजीर म्हणायचं. आणि हे बघा, बक्षीस घेऊन आलात तर एक डाव माझ्याशी खेळायचा." ह्यांना इतकं हसू आलं की त्या भरात हे हो म्हणून गेले.

तेव्हापासून ह्यांच्या जिंकण्याची काळजी ह्यांच्यापेक्षा मलाच जास्त. मांडव्याहून बोटीत बसले तेव्हासुद्धा मी धक्क्यावरून "वजीर" एवढंच ओरडले. शेजारच्या बायकांना वाटलं, मास्तरणीच्या डोक्यावर परिणाम झाला.

पाच दिवसांनी आले ते चांदीचा मुलामा दिलेला पेला घेऊन. तिसरं बक्षीस. धक्क्यावरच्या नाखव्याने गावभर केलं, "मास्तरांनी मुंबय मारली म्हनं." मुंबईच्या एका वर्तमानपत्रात चार ओळी आल्या होत्या, त्या हे खिशात घेऊनच फिरत. शेवटच्या डावात म्हणे समोर एक मोठे वकील होते. ह्यांचं प्यादं टोकाला पोचलं. वजीर घेतला असता तर वकील पुढच्याच चालीत मात करणार होते. पण ह्यांनी घोडा घेतला, त्याच घोड्याने राजाला शह दिला, तोच घोडा वकिलांच्या वजिरावरही चालून गेला आणि वजीर पडला. असा दूरदृष्टीचा खेळाडू कोकणात दडून होता, असं त्या चार ओळींत लिहिलं होतं.

मी ताट वाढत होते. सहज विचारलं, "घोडा का घेतलात?"

"घोड्याचं घर होतं ना," हे म्हणाले आणि आमटीत भात कालवायला लागले. मग हात थांबला. माझ्याकडे बघितलं. मी आणखी थोडी आमटी वाढली.

ह्यानंतर माझ्या डावाला मुहूर्त सापडेना. आज चतुर्थी, उद्या शाळातपासणी, परवा डोकं दुखतंय. अशी सात वर्षं गेली. तेवढ्या काळात तो घोडा इतका वाढला की पुढच्या नऊ चाली ह्यांना आधीच दिसल्या होत्या. पुढे अकरा झाल्या. ऐकणारे माना डोलवत आणि मी चहा नेऊन देत असे.

एकदा अलिबागेहून चार प्रतिष्ठित मंडळी ह्यांच्या सत्काराचं ठरवायला आली. घोड्याची कथा झाली. त्यातल्या एका गृहस्थांनी कौतुकाने मला विचारलं, "वहिनी, तुम्हाला यातलं काही कळतं का हो?"

"छे हो," मी म्हटलं. "मला एवढंच ठाऊक आहे, प्यादं ज्या घरात पोचेल त्या घराचं मोहरं होतं."

मंडळी हसली. त्या गृहस्थांनी तो नियम देशी, हे मला प्रेमाने समजावून सांगितलं. हे मात्र हसले नाहीत.

मंडळी गेली आणि ह्यांनी स्वतः डबा काढून पट मांडला. राजा-वजिराची घरं उलटसुलट झाली होती, ती मी नीट केली. "विलायती," हे एवढंच म्हणाले. दिवेलागणीच्या आधी माझं एक प्यादं पुढे सरकत सरकत टोकाला जाऊन पोचलं. योगायोगाने घोड्याच्याच घरात. ह्यांनी त्याच्याकडे बघितलं आणि डबा माझ्यापुढे सरकवला.

"काय घेतेस?" ह्यांनी विचारलं.

आमच्या लग्नाला तेव्हा एकोणीस वर्षं झाली होती. मला काय हवं, असं ह्या घरात कोणी पहिल्यांदाच विचारत होतं. उत्तर माझ्याकडे तयार होतं, पण मी ते लगेच दिलं नाही. ह्यांना तसंच बसवून ठेवलं.