गैरहजरांची ओ

प्रवेशाच्या त्या दालनात मावशींचे काम एवढेच, नाव पुकारणे. प्रत्येक प्रवर्गात गुणांच्या क्रमाने हाक मारायची; उमेदवार उठला, की त्याने जागा निवडायची. तीन हाकांत ओ आली नाही, तर पाळी गेली. आणि राखीव जागेला त्या प्रवर्गातले कोणीच उरले नाही, तर ती जागा खुल्या प्रवर्गाकडे जाई.

"मावशी, भोंगा गिळलाय का हो?" शिपाई चेष्टा करीत. मावशी हसत. पण तिसरी हाक त्या उभ्या राहून, माइक बाजूला सारून, दाराकडे तोंड करून देत.

हे वळण आईचे. त्या माउलीला जातीपायी वर्गात बसू देत नसत. ती बाहेर, खिडकीखाली बसे. हजेरीत तिचे नावच नव्हते. म्हणून एखाद्या गैरहजर मुलाचे नाव निघाले, की ती बाहेरून ओरडे, "हजर!" मार खाई, आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा ओरडे. अहो, ज्या जिवाला कोणी हाकच मारीत नाही, त्याने ओ द्यावी तरी कोणाला? म्हातारपणी ती सारे विसरली. तेवढा एक शब्द विसरली नाही. तोच ओठांवर घेऊन ती गेली.

त्या दुपारी डॉक्टरकीची शेवटची राखीव जागा उरली होती, आणि त्या प्रवर्गातली शेवटची मुलगी. मावशींनी दोन हाका मारल्या. ओ आली नाही.

पुढच्या रांगेत खुल्या प्रवर्गातला पुढचा मुलगा वडिलांसह बसला होता. वडील उसळले, "पुरे की बाई! मार्क माझ्या पोराला जास्त. ती आलीसुद्धा नाही. हा कुठला न्याय?"

"दादा, पोर गुणाचं आहे तुमचं. पण तिची एक हाक बाकी आहे."

"हजर!"

खिडकीजवळून आवाज आला. कोवळा, घाईचा, मार चुकवणारा. साऱ्या माना वळल्या. खिडकीजवळचा बाक रिकामा होता.

नोंद करणाऱ्या अधिकाऱ्यांची मान कागदांत होती. "आली ना? लिहितो."

मावशींनी तो शब्द ओळखला. नुसती मान हलवली असती, तरी जागा वाचली असती. पण खोट्या हजेरीवर मिळालेली जागा त्या लेकराला आयुष्यभर टोचली असती.

"लिहू नका, साहेब. ती ही मुलगी नाही."

"मग कोण?"

"माझी आई. गैरहजरांसाठी ओ द्यायची सवय आहे तिला."

मुलाच्या वडिलांनी खुर्ची खिडकीपासून दूर ओढली.

मावशी उभ्या राहिल्या. दाराकडे वळल्या. हाक किती लांब असावी, याचा नियम कुठे आहे? छातीतला सारा श्वास त्यांनी त्या एका नावात ओतला. नाव जिन्यावर उतरले, वळणावर घुमले, आणि श्वास सरता सरता खालून धावती पावले आली.

"हजर!" मुलगी दारात धापा टाकीत उभी होती. "मावशी, खाली दाखला तपासायच्या रांगेत अडकवलं होतं मला!"

आवाज तोच. अगदी तोच.

जागा तिची झाली. वडील पुटपुटले, "पुढच्या फेरीत माझ्या पोराला पुकाराल, तेव्हाही अशीच माराल हाक?"

"अशीच, दादा. दाराकडे तोंड करून."

मुलगी पावतीसाठी थांबायला खिडकीजवळच्या बाकाकडे गेली आणि टेकता टेकता थबकली.

"मावशी, इथं कोणी बसलंय का?"

"हो गं. जरा सरकून बस."

मुलगी सरकली. पिशवी मांडीवर घेतली, आणि खिडकीकडची बाजू मोकळी सोडून ती बसली.