काळी न पडलेली जोडवी

ती घटना आठवली की अजूनही माझा आवाज खाली येतो. एरवी तो असा होता, की मी आरोपीवर ओरडलो तर गोदावरी घाटाच्या दोन पायऱ्या उतरते, असं नाशकात बोललं जाई. बोलणारा बहुधा मीच असे.

ऐंशीनंतरचा एक पावसाळा. अंबडला कारखाने वाढत होते आणि पेठकडच्या डोंगरातली तरुण माणसं तिथं खोल्या करून राहत होती. एका सकाळी सरकारी दवाखान्यातून ठाण्यात खबर आली : एक कामगार उलट्या-जुलाबांनी अर्धमेला, विषबाधेचा संशय. मागोमाग त्याची शेजारीण येऊन उभी.

"फौजदारसाहेब, बायकोच्या हातचा चहा पिला आन् आडवा झाला. काल सांजच्यालाच तिनं जोडवी काढली व्हती, ह्या डोळ्यांनी पाह्यलं. नवरा धडधाकट असताना कोणती बाई जोडवी काढती?"

हवालदार माझ्याकडे पाहू लागला. जोडवी उतरतात ती नवरा गेल्यावर. हिची आदल्या संध्याकाळीच उतरली होती. चहाचं भांडंही घासून पालथं घातलेलं. माझ्या लेखी खटला उभा होता, फक्त शाई वाळायची होती.

तिला चौकशीसाठी आणलं. विशीतली पोर, पाय लुगड्यात ओढून बसलेली. शेजारी महिला पोलीस. भिंतीचा चुना पडेल असा आवाज मी लावला.

"चहात काय घातलंस?"

"साखर."

"आणखी?"

"साखरच कमी व्हती, साहेब."

"जोडवी कुठं आहेत?"

"भाजीत."

मी लेखणी खाली ठेवली. "कसल्या भाजीत?"

"अळंबीच्या. राती केलती. आमच्याकडं शिजताना चांदी टाकत्यात. काळी पडली का भाजी फेकायची, नाय पडली का खायची. घरात चांदी म्हंजी तेवढीच."

"मग?"

"नाय पडली काळी."

"तू नाही खाल्लीस?"

"एकादस व्हती. उपास."

आम्ही सगळे सकाळच्या चहामागे लागलो होतो. रात्री तो काय जेवला, हे कुणी विचारलंच नव्हतं.

पंचांसमक्ष खोली उघडली. पातेल्यात गार रस्सा, आणि तळाशी दोन्ही जोडवी नुकतीच उजळल्यासारखी चकाकत होती. कोपऱ्यात टोपलीत एक अळंबी न शिजवलेली उरली होती. पांढरीशुभ्र, देखणी. दांड्याला गोल कडं, बुडाशी वाटी.

हवालदार हळूच म्हणाला, "साहेब, ही तर दागिने घालून बसलीये."

दरोडेखोरांच्या तलवारीपुढे मी उभा राहिलोय (तलवारी किती, ते ऐकणाऱ्यावर अवलंबून असतं), पण त्या टोपलीला हात लावायचं माझं धाडस झालं नाही.

डॉक्टरांनी ती पाहिली आणि चष्मा काढला. "ही खाल्ल्यावर अर्धा दिवस काहीच होत नाही, म्हणून कुणाला तिचा संशय येत नाही. शिजवून विष मरत नाही. चांदी, लसूण, तांदूळ, कशानंही ते कळत नाही."

पण तिसऱ्या दिवशी रोगी उठून बसला आणि चहा मागितला. मी पेढे आणायला माणूस धाडणार, तोच डॉक्टरांनी मला व्हरांड्यात नेलं.

"जबाब आत्ताच घ्या."

"उद्या सावकाश घेऊ की."

"उद्या तो बोलण्यासारखा नसेल. हे विष मधे एखादा दिवस माणूस परत देतं. आतून यकृत संपत असतं."

माणूस बशीतल्या चहावर फुंकर घालत होता आणि मी मृत्युपूर्व जबाबासाठी दंडाधिकारी बोलावत होतो. नाही बोलावले तर त्याच्यामागे त्या पोरीच्या बाजूनं बोलणारं कुणी उरत नव्हतं.

"एवढी माणसं कशाला, साहेब? मी तर बरा झालो."

"कागद पुरे करायचे असतात," मी म्हणालो.

दंडाधिकाऱ्यांनी विचारलं, "अळंबी कुणी आणली?"

"म्याच. देवळाली कॅम्पाकडनं येताना झाडाखाली दिसली. आमच्याकडं वारुळावर येती, तशीच वाटली. ही नको म्हनत व्हती. मंग चांदी टाकून पाह्यली." त्यानं ओठांवरून जीभ फिरवली. "लय गोड लागली, साहेब."

अंगठा उठला. बायको संशयातून सुटली. तिला आत बोलावलं, तसा तो तिच्या उघड्या पायांकडे पाहून हसला. "जोडवी घाल गं. लोकं म्हनतील मी मेलो."

मी जोडवी मुद्देमालातून काढून पावतीवर तिच्या हाती दिली. खाटेच्या पायथ्याशी बसून तिनं ती घातली. डॉक्टर खिडकीबाहेर पाहत राहिले.

सकाळी त्याचे डोळे हळदीसारखे पिवळे झाले होते. पुढं त्यानं कुणालाच ओळखलं नाही.

तेराव्यानंतर ती ठाण्यात आली आणि जोडवी माझ्या टेबलावर ठेवली. "सोनाराला दावा, साहेब. चांदी खोटी असंल. खरी असती तर काळी पडली असती."

सराफ बाजारात कसाला लावून घेतली. अस्सल निघाली. जन्मभर थापा मारलेल्या माणसाला त्या दिवशी आणखी एक मारायची फार इच्छा झाली. खोटी म्हणालो असतो तर सगळा दोष सोनारावर गेला असता. पण तिच्या पाड्यावर पुढच्या पावसात पुन्हा पातेली चढणार होती, आणि त्यात पुन्हा कुणाची तरी खरी चांदी पडणार होती.

"चांदी खरी आहे, बाई," मी सांगितलं. "तिला हे विष कळत नाही."

तिनं जोडवी उचलून पदराच्या गाठीत बांधली. "पाड्यावर नेते. बायांना दावते."

पुरावा कोर्टापुढं मांडायचा असतो, एवढंच मला तोवर ठाऊक होतं.